तोंडहलव्यांचा राजा

आमच्या वाडीत नाटक एकच. त्याला नाव आहे, पण नाव घेऊन कुणी बोलायचं नाही. नुसतं ‘नाटक’ म्हटलं की कळायचं. जुनं, पदांनी भरलेलं संगीत नाटक. राजा राणीवर खोटा आळ घेतो, तिला वनात धाडतो, मग चूक कळते आणि बिचारा रानोमाळ तिला हाका मारत फिरतो. पोलादपूरच्या वरच्या अंगाला आमची वाडी, तिथे चैत्रात देवीच्या जत्रेला देवळासमोरच्या खळ्यात ते व्हायचं, आजोबांच्या वेळेपासून. दुसरं काही बसवावं असं कुणाच्या मनातही आलं नाही. एकदा मुंबईची पोरं नवं सामाजिक नाटक घेऊन आली, तर पहिल्याच अंकात एक म्हातारी उठून म्हणाली, "ते ऱ्हाऊ दे रे, राजा कवा येणार?" झालं, नवं नाटक तिथेच आडवं.

राजा म्हणजे माझे बाबा. आमच्याकडे जत्रेत जे काम करशील ते तुला जन्मभर चिकटतं. बाबा रेशनच्या दुकानात गेले तरी "या राजे", भात झोडायला उभे राहिले तरी राजे. राणीचं काम करायचा आमचा शिंपी, जत्रेच्या आदल्या दिवशी मिशी उतरवून. तोंडात पान, कानात अत्तराचा बोळा, गळ्यात टेप, आणि अख्खी वाडी त्याला राणीकाका म्हणायची. माझी आई त्याला ‘माझी सवत’ म्हणायची. "गो पोरी, सवतीला चहा दे," असं मला फर्मान सुटायचं आणि राणीकाकाही नसलेला पदर सावरत कप घ्यायचे.

बाबांच्या आवाजाचं काय सांगू! खळ्यात माईक यायच्या आधीचे ते राजे. वनातल्या प्रवेशात ते ‘राणी’ म्हणून हाक मारायचे ती ओढ्यापलीकडच्या घरांत ऐकू जायची. तिथली बाळंतीण बाई जत्रेला आली नाही तरी हाकेवरून ओळखायची, आता तिसरा अंक लागला. माझ्या लहानपणीचं नाटक मी बरंचसं झोपेतच पाहिलं आहे. आईच्या मांडीवर डोळा लागायचा, मध्येच उघडायचा, गॅसबत्तीच्या उजेडात सोनेरी कागदाचा मुकुट दिसायचा, पुन्हा डोळा लागायचा. अजूनही मला नीट सांगता येत नाही, त्यातलं किती खळ्यात घडलं आणि किती माझ्या झोपेत.

नाटकवाल्यांची एक शिवी होती: तोंडहलव्या. भाषण आठवेना किंवा आवाज बसला, की कच्चा नट नुसते ओठ हलवत राहतो. मागच्यांना वाटावं की हा बोलतोय, आपल्यालाच ऐकू येत नाही. तो तोंडहलव्या. चोर म्हटलं तरी चालेल, पण हे म्हणू नये. प्रधानाचं काम करणारे एक जण एका जत्रेत खोकल्यापायी तोंडहलवे झाले. तर त्यांच्या नातवाच्या हळदीला कुणीतरी तो विषय काढलाच. आणि ही शिवी सगळ्यात जास्त कुणाच्या तोंडी? माझ्या बाबांच्या.

मी महाडला शाळेत शिक्षिका म्हणून नुकती लागले होते, तेव्हा बाबांचा घसा धरला. आधी विडी, मग सर्दी, मग थंडी, सगळ्यांवर खापर फोडून झालं. शेवटी मुंबईला नेलं. नव्वदच्या दशकाची ती शेवटची वर्षं. जीव वाचवायचा तर आवाजाची पेटी काढावी लागेल, डॉक्टर म्हणाले. काढली. गळ्याला श्वासासाठी भोक ठेवलं. आई जुन्या धोतराचे मऊ चौकोन कापून त्यावर बांधायची.

डॉक्टर भला माणूस. निघताना म्हणाला, "आवाज नाही, पण ओठ तर आहेत. बोलल्यासारखे ओठ हलवत जा. घरच्यांना हळूहळू कळायला लागतं."

बाबांनी ओठ घट्ट मिटले ते मिटलेच.

लिहायवाचायला दोघांनाही येत नव्हतं, म्हणून काही हवं असलं की टाळी वाजवायचे. पाणी हवं, टाळी. जेवण, टाळी. आई एकदा भडकली. "मी काय ढोर हाय काय, टाळी वाजवून बोलवायला? तोंड हलवा. मी बघीन. मला कळेल." बाबांनी मान फिरवली आणि अंगणातल्या वालाच्या शेंगा सोलत बसले.

"ते राजे आहेत ना," मी आईला म्हटलं, "त्यांना ते कसं जमणार?"

"मला नाय ठाऊक?" ती म्हणाली. "पण माझ्यासमोर कशाला राजा व्हायचंय? मी काय जत्रेला आलीय?" आणि पदर तोंडाला लावून रडली. मला बाबांचा इतका राग आला! या बाईने मुंबईच्या इस्पितळात जमिनीवर झोपून दिवस काढले, आणि हिला एक शब्द द्यायला यांचा मुकुट आड येतो. शब्द म्हणजे काय, तर ‘गो’. ते तिला नावाने कधी बोलवत नसत. "गो, इकडं ये", "गो, ऐकलंस काय". तेवढंच तिला हवं होतं, आवाजासकट नाही मिळालं तरी चालणार होतं.

दीड-दोन वर्षं असं चाललं. जत्रा आली, गेली. नाटक झालं नाही. दुसरा राजा उभा करायचा विषय कुणी काढला नाही. मी महाडच्या खोलीत झोपले की कधीकधी स्वप्नात बाबांचा आवाज यायचा, रानातून आल्यासारखा, पण बाबा दिसायचे नाहीत. शनिवारी घरी जावं तर बाबा असायचे, ओटीवर बसलेले, धुकं चढलेल्या डोंगराकडे बघत. दोन्ही एकत्र काही भेटेनात.

त्या थंडीत महाडच्या कॉलेजातले एक सर आमच्या शाळेत आले. चष्मा, खांद्याला झोळी, आणि बोलताना पाय एका जागी ठरायचे नाहीत. पुण्याच्या कुणा मित्राकडून त्यांनी एका मूकपटाची रिळं मिळवली होती. बोलपट यायच्या आधीचा सिनेमा. आणि तो काढला होता आमच्याच नाटकावरून!

मी हसलेच. "सर, त्या नाटकात नुसती पदंच पदं आहेत. ते मुकं कसं होईल? पुरणाशिवाय पुरणपोळी?"

"तीच तर गंमत आहे बाई," ते म्हणाले. "तेव्हा नाटकं इतकी गाजलेली असायची की सिनेमावाल्यांनी तीच उचलली. लोकांना पदं पाठच होती. पडद्याखाली पेटी-तबला घेऊन माणसं बसायची. पडद्यावर तोंड हलायचं, गाणं खालून यायचं. तुमच्याकडे हे नाटक अजून करतात म्हणे. तुमची माणसं आणाल?"

पडद्यावर तोंड हलायचं. तेवढंच मी धरून ठेवलं. मी आईला निरोप धाडला: शनिवारी दुपारी बाबांना तपासणीला महाडला आणशील तेव्हा राणीकाकांना पण घेऊन ये. पुढचं तिने ओळखलं. माझी आई शाळेत गेली नाही, पण तिला अर्धं वाक्य पुरतं.

शाळेच्या हॉलच्या खिडक्यांना घोंगड्या आणि सतरंज्या लावल्या होत्या. बाहेर लख्ख दुपार होती आणि आत संध्याकाळ. फटींतून आलेल्या उजेडात धूळ सावकाश फिरत होती. पेन्शनर, कॉलेजची मुलं, आणि आमच्या बाजूची बरीच मंडळी. जीपगाडी करून आली होती, नाटक म्हटल्यावर राहवतंय कुणाला! बाबांनी पांढरा पडदा पाहिला, आमच्याकडे पाहिलं, आणि सगळं ओळखून उठायला लागले. आई बाकाच्या कडेला वाट अडवून बसली होती. "बसा जरा. पाय दुखतात माझे," ती म्हणाली आणि हललीच नाही.

मशीन टर्रर्र करू लागलं. पडद्यावर पांढऱ्या रेघा सरसरल्या आणि त्यांच्यामागे एक राजवाडा दिसू लागला. म्हणजे रंगवलेला पडदाच तो, आणि वाऱ्याने हलत होता. अख्खा राजवाडा श्वास घेत होता, खांब फुगत होते, सिंहासन जागेवर आणि मागची भिंत लहरतेय. मला ते इतकं ओळखीचं वाटलं. आईच्या मांडीवरून अर्ध्या डोळ्यांनी मी हेच तर पाहिलं होतं.

राजा पुढे आला, हात पसरले, तोंड उघडलं. आवाज नाही.

"आवाज!" मागून कुणीतरी ओरडलं. "ओ मास्तर, आवाज गेलाय! वायर बघा वायर!"

सर बिचारे उठून म्हणाले, "आवाज गेला नाही. या सिनेमाला आवाज नाहीच आहे."

"मंग कवा येणार?" एका आजीने विचारलं, आणि हॉल हसून लोळला.

मध्येमध्ये मजकुराची पाटी यायची, तीन-चार लिप्यांत. मराठी ओळ आली की सगळे शाळेतल्या मुलांसारखे एका सुरात वाचायचे. मग राणी आली. राणीकाका पुढे झुकले, डोळे बारीक केले, आणि माझ्या दंडाला धरून कुजबुजले, "गो पोरी, ही बाई नाय! घाटी बघ गळ्याची. बाप्या हाय, बाप्या!" त्यांचा चेहरा असा उजळला, जसं मुंबईत कुणी गाववाला भेटावा. राणी पदाला उभी राहिली, ओठ हलू लागले, आणि राणीकाकांना राहवलं नाही. बसल्या जागी त्यांनी तिचं पद उचललं.

साठीतला माणूस, पानाने जाड झालेली जीभ, पण सूर अजून नथ घातल्यासारखा. कुणी बाकावर ठेका धरला. पडद्यावर कधीचा मरून गेलेला कुणी पुरुष राणी होऊन तोंड हलवत होता आणि त्याच्या तोंडून आमचा शिंपी गात होता. तान त्याच्या हनुवटीबरोबर वर जायची, त्याच्या पापणीबरोबर खाली यायची. घोंगड्यांच्या आड दुपार होती की रात्र, हे साल कुठलं, मी कुणाच्या शेजारी बसलेय, मला काही काही कळेना. तसंच बसून राहावं, कुणी उठवू नये, असं वाटलं.

आणि मग वनातला प्रवेश आला.

इथे रंगवलेला पडदा नव्हता. खरी झाडं, खरा वारा. मुकुट हातात घेतलेला राजा झाडाझाडाशी थांबतोय. राणीकाका गप्प झाले. हे पद त्यांचं नव्हतं. हॉलमध्ये निदान दहाजणांना तरी ते पाठ असेल, पण आमच्या वाडीच्या एकानेही तोंड उघडलं नाही. राजा बसलाय ना समोर! त्याच्या देखत त्याचं पद कोण उचलणार? सगळे माना खाली घालून बसले. पडद्यावरचा राजा तोंड उघडत होता, मिटत होता, उघडत होता. मशीनची टर्रर्र तेवढी. कशाला आणलं यांना, असं झालं मला.

तेवढ्यात आईचा आवाज आला, चांगला खणखणीत.

"अवो, हा तर तोंडहलव्या!"

खाली घातलेल्या माना गर्रकन वर आल्या. राजाच्या बायकोने, राजाच्या तोंडावर, तो शब्द! मी डोळे मिटले. उघडले तेव्हा बाबांचे खांदे हलत होते. रडतायत, मला वाटलं. मग गळ्याच्या फडक्यातून वारं फुसफुसताना ऐकलं, आणि कळलं की माझे बाबा हसतायत. हसून हसून त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं होतं.

"हा एकटाच काय!" राणीकाकांनी धागा उचलला. "सगळेच तोंडहलवे हायत! राजा, राणी, प्रधान, घोडा पन!"

वाडीच्या माणसांना तेवढंच हवं होतं. असा हशा पिकला की सरांनी मशीन हाताने सावरून धरलं. बाबा मात्र आता हसत नव्हते. ते टक लावून राजाकडे बघत होते. पडद्याचा उजेड त्यांच्या चेहऱ्यावर ये-जा करत होता, आणि त्या उजेडात मला त्यांचे ओठ हलताना दिसले. आधी वाटलं, सुपारी चघळतायत. सुपारी नव्हती. ते पद म्हणत होते. पडद्यावरच्या राजाच्या थोडे पुढे जायचे, थांबायचे, नाराज होऊन मान हलवायचे, पुन्हा धरायचे. मी आईच्या मांडीवर हात ठेवला. तिने तो दाबला, पण नजर काढली नाही. ती पडदा बघतच नव्हती, ती त्यांचं तोंड बघत होती.

रीळ तिथेच संपलं. पुढची मिळालेली नाहीत, सरांनी हात जोडून सांगितलं. मघाची आजी काही सोडेना. "मंग ती त्याला भेटली की नाय?"

"भेटली गो आये," राणीकाका म्हणाले. "मीच भेटते ना दरवर्षी!"

संध्याकाळच्या एस्टीने आम्ही पोलादपूरकडे निघालो. सावित्री नदीवर धुकं उतरलं होतं, कापलेल्या भाताची खाचरं पिवळी पडून मागे सरकत होती. बाबा आणि राणीकाका एका सीटवर, मी आणि आई पलीकडे. बाबांनी राणीकाकांच्या गुडघ्यावर थाप मारली, तोंड त्यांच्याकडे वळवलं आणि ओठ हलवले.

"काय? काय म्हनतोस राजा?"

बाबांनी पुन्हा हलवले, हातवारे करून, जोरात. राणीकाका गोंधळून आमच्याकडे बघू लागले. मलाही काही लागेना.

आई शांतपणे म्हणाली, "ते म्हनतायत, त्या राजाची हाक चुकली. ‘राणी’ बोलताना ‘रा’ला तोंड मोठा आ करून उघडायला पायजे. त्या मेल्याने मिटलं."

बाबांनी आईकडे पाहिलं आणि जोरजोरात मान डोलावली. बरोबर, अगदी बरोबर!

मग आईचा बांध फुटला. "दोन वर्सं! दोन वर्सं ह्या तोंडाकडं बघत बसले मी. आणि पयलं काय बोलला हा माणूस? तर त्या मेल्या राजाचं चुकलं!" तिने हात लांब करून बाबांच्या दंडावर एक चापट मारली. ती हसतही होती आणि रडतही होती, कंडक्टर तिकिटाची पेटी धरून बघतच राहिला. बाबांनी तिचा हात धरून ठेवला. ओठांचा चंबू केला. एकच अक्षर. तेवढं मलासुद्धा वाचता आलं.

त्यानंतर बाबांनी जे बोलायला घेतलं, त्याला खंड नाही. दोन वर्षांची तुंबलेली वटवट! आणि ती कळायची फक्त आईला. आम्ही सगळे तिच्या तोंडाकडे बघायचो. ती आपल्या मर्जीने सांगायची. कुणी उपटसुंभ आला आणि बाबांचं तोंड बराच वेळ वाकडंतिकडं चाललं, की आई गोड हसून म्हणायची, "जेवून जा म्हनतायत." बाबा कपाळाला हात लावायचे. चुलीशी तिची पाठ त्यांच्याकडे व्हायची म्हणून तिने त्यांचा दाढीचा आरसा चुलीवरच्या खुंटीला टांगला. भाकरी थापता थापता आरशात बघून ती त्यांच्याशी भांडायची. पुढल्या जत्रेला त्यांनीच नवा राजा तयार केला. तोंड कसं उघडायचं ते दाखवायचे, आई शेजारी बसून शब्द पुरवायची. पोरगा बरा गायचा, पण हाक ओढ्याअलीकडेच राहायची.

पुढे भारनियमनाची वर्षं आली. ऐन दिवेलागणीला वीज जायची आणि वीज गेली की आमच्या घरात बाबांचं बोलणं बंद. आई अंधारातून ओरडायची, "थांबा थांबा, ऱ्हाऊ द्या तोंडात!" आणि चिमणी पेटवून आणायची, आणि ती त्यांच्या हनुवटीखाली धरायची. चुलीला उजेड नसला तरी तिचं अडत नव्हतं.

मग साखरेने आईचे डोळे नेले. एक आधी, दुसरा मागाहून. पनवेलच्या डॉक्टरांनी सांगितलं, हा मोतीबिंदू नाही, ऑपरेशनने परत यायची नाही नजर. मी हे बाबांना सांगितलं तेव्हा त्यांनी काही म्हटलं, पण मला ते वाचता आलं नाही, आणि जिला आलं असतं ती आत भिंत चाचपत होती. त्या रात्री मी फार रडले. आता हा माणूस पुन्हा मिटणार, आता कायमचा, असं वाटून रडले. टाळीसुद्धा काय कामाची?

आठवडाभराने मी महाडहून आले, वीज गेलेलीच होती. घर काळोखात, कुठे हूं की चूं नाही. दोघं दोन कोपऱ्यांत बसली असतील, म्हणून जीव तुटला. चुलीपाशी चाचपून चिमणी पेटवली आणि ओटीवर आले.

दोघं भिंतीला टेकून जवळ जवळ बसली होती. आईच्या उजव्या हाताची बोटं बाबांच्या ओठांवर होती, आणि ओठ हलत होते. तिचा चेहरा वर, समोरच्या अंधाराकडे. बोटं मात्र अगदी हलकी, ओठ वर गेले की वर, खाली आले की खाली. तिला माझी चाहूल लागली असावी, किंवा रॉकेलचा वास.

"कोन? दिवा आनलास काय?" ती म्हणाली. "ने गो तो आत. आमी बोलतोय."

मी दिवा विझवला आणि उंबऱ्यावर बसले. थोड्या वेळाने अंधारात आई हसली.